आवाजासकट कस्तुरीअक्का

कस्तुरीअक्का आमच्या सेटवर पहिल्यांदा आली ती मेलेल्या बाईचं काम करायला.

साताऱ्याहून वाईकडे जाताना मुख्य रस्ता सोडून थोडं आत एक गाव लागतं, तिथं आमच्या मालिकेचं चित्रीकरण चालायचं. मी सहायक दिग्दर्शक होतो. म्हणजे कलाकारांना बोलावून आणायचं, संवादांचे कागद वाटायचे, आदल्या प्रसंगात पदर कुठल्या खांद्यावर होता ते लक्षात ठेवायचं आणि सगळ्यांच्या वतीनं बोलणी खायची. त्या दिवशी मालिकेतली पारूमावशी मरणार होती. नायिकेला लहानपणी सांभाळणारी ही शेजारीण. तोवर तिचा नुसता उल्लेख व्हायचा, कुणी तिला पाहिलेलं नव्हतं. आता ती दिसणार होती ती थेट मेलेलीच. त्यामुळे ज्युनिअर आर्टिस्ट पुरवणाऱ्या माणसाला आम्ही सांगितलं होतं की वयस्कर बाई पाठवा, अभिनय येत नसला तरी चालेल.

त्यानं मिरजेजवळच्या कुपवाडहून बाई पाठवली. उंच, सावळी, रुंद कपाळाची, पन्नाशी ओलांडलेली. खांद्याला कापडी पिशवी. मी तिला जागा दाखवली आणि म्हणालो, "मावशी, काही करायचं नाही. नुसतं पडून राहायचं, श्वास हळू घ्यायचा."

तिनं जागेकडं पाहिलं, मग माझ्याकडं. "ती बाई मेली कशानं?"

मला हसू आलं. मला माहीत नव्हतं. मग कुणाला माहीत आहे, असं विचारत ती सरळ राजनसरांकडं गेली. राजनसर आमचे दिग्दर्शक, चष्मा कपाळावर चढवून मॉनिटरसमोर बसलेले. त्यांना वाटलं बाई चेष्टा करतेय. पण तिचा चेहरा अगदी कामाचा होता. ताप येऊन गेली, साप चावला का झोपेत गेली, हे कळल्याशिवाय मी कशी पडू, असं तिचं म्हणणं. सरांनी लेखकाकडं पाहिलं. आमचा लेखक मिलिंद, हुशार मुलगा, पण पारूमावशी कशानं मेली याचा विचार त्यानंही केलेला नव्हता. हार्टॲटॅक, म्हणाला तो. त्यावर तिनं विचारलं, कुठं, चुलीपुढं का अंगणात? सकाळी का दुपारी? हातात काय होतं? मिलिंद खुर्ची ओढून बसला आणि खरोखरच विचार करू लागला. शेवटी दोघांनी मिळून ठरवलं की पारूमावशी दुपारी ओट्यावर शेंगा फोडत बसली होती आणि तशीच कलंडली.

कॅमेरा सुरू झाला. आमची नायिका मैथिली धावत आली, गुडघ्यावर बसली आणि ठरल्याप्रमाणे मावशीचा हात हातात घेतला. त्या हाताचा अंगठा आणि बोट एकमेकांवर दाबलेले होते, अर्धी शेंग फोडायची राहून गेल्यासारखे. हे कुणी सांगितलं नव्हतं. मैथिली लिहिलेलं वाक्य विसरली. बोटं सरळ करायला गेली, पण होईनात, आणि मग ती जी रडायला लागली ती मालिकेत त्याआधी कधीच तशी रडली नव्हती. राजनसर कट म्हणायचं विसरले. दोरीपलीकडं शूटिंग बघायला उभ्या असलेल्या गावातल्या एका म्हातारीनं पदर तोंडाला लावून गळा काढला, तिच्या सुनेला तिला गप्प करावं लागलं.

मग प्रेत उठून बसलं, केसातली शेंगांची टरफलं झटकली आणि चहा मिळेल का म्हणून विचारलं.

राजनसर मॉनिटरवर तो शॉट पुन्हापुन्हा बघत होते. "मिलिंद," ते म्हणाले, "हिला आपण मारली कशाला?"

*

तिचं नाव कस्तुरी हूगार. माहेर अथणीच्या पलीकडं, कर्नाटकात. वडील कन्नड नाटक कंपनीत पेटी वाजवायचे. रंगमंचावर हिचं पहिलं काम तान्ह्या बाळाचं. कुठल्याशा राजपुत्राच्या जागी हिलाच उचलून न्यायचे, आणि नेमकी जिथं रडायचं तिथं ही हसायची, असं तिची आई सांगायची म्हणे. पुढं ती नाचली, गायली, छोट्यामोठ्या भूमिका केल्या, आणि विशीच्या आतच लग्न होऊन कुपवाडला आली. नवरा महालिंग, तिथल्या एका वर्कशॉपमध्ये लेथवर. सासरी कुणी वाईट नव्हतं. पण नाटक हा विषय त्या घराच्या उंबऱ्याबाहेर राहिला तो राहिलाच. मराठी ती शिकली नळावर, रेशनच्या रांगेत आणि मुलांच्या शाळेच्या पायऱ्यांवर. दोन्ही मुलं मोठी होऊन कामाला लागली, तेव्हा गल्लीतल्या गणपतीपुढच्या नाटकात ऐनवेळी आजारी पडलेल्या बाईच्या जागी ती उभी राहिली. त्यानंतर ती खाली बसलीच नाही.

तिच्या मराठीत कन्नडचा सूर होता. शब्दाचा शेवट ती किंचित लांबवायची आणि वाक्याला मागून एक 'की' जोडायची. पिशवी तिच्या लेखी कधी 'तो' असायचा, कधी 'ते'. रागावली की सगळी लिंगं एकमेकांत मिसळून जायची. आम्हा सगळ्या पोरांना ती 'तम्मा' म्हणायची, म्हणजे धाकट्या भावा. त्यामुळे आम्हीही तिला अक्का म्हणू लागलो.

मिलिंदनं महिनाभरातच मार्ग काढला. पारूमावशीला एक जुळी बहीण होती, गौराक्का, सीमेपलीकडं अथणीकडं दिलेली. नवऱ्यानं टाकल्यावर बांगड्यांची टोपली घेऊन गावोगाव फिरणारी. ती आता बहिणीच्या गावी येणार. जुळी बहीण ही युक्ती ऐकून वाहिनीच्या लोकांनी कपाळाला हात लावला, पण त्यांनी मेलेल्या पारूचा शॉट पाहिला होता. त्यांनी होकार दिला.

अक्का मिरजेहून यायची. पहाटेच्या गाडीनं सातारा, तिथून युनिटची जीप. आल्या आल्या ती कपडेपटाच्या ट्रंकेशी जायची आणि आधी चपला शोधायची. साडी, नथ, कुंकू सगळं नंतर. टाचेला झिजलेल्या, अंगठ्याला शिवलेल्या चपला तिला हव्या असायच्या, आणि ट्रंकेत नसल्या तर गावातल्या एखाद्या बाईशी ती आपल्या चांगल्या चपला बदलून घ्यायची. कॅमेऱ्यात पाय येत नाहीत हो अक्का, असं मी एकदा म्हणालो. ती म्हणाली, "पर बाई पायावरच हुबी हाय की."

संवाद पाठ करायची तिची पद्धत मी कुपवाडला त्यांच्या घरी पाहिली. समोर महालिंगभाऊजी चष्मा लावून कागद घेऊन बसायचे आणि बाकी सगळ्यांची वाक्यं वाचायचे. नायक, नायिका, खलनायक, रडणारं मूल, सगळी एकाच आवाजात. वर्कशॉपात हजेरी घेतल्यासारखी. 'मी तुझ्याशिवाय जगू शकत नाही' हे वाक्य त्यांनी ज्या सुरात वाचलं त्या सुरात मी फक्त रेल्वेच्या फलाटाची सूचना ऐकली आहे. अक्का मात्र त्या सपाट आवाजावर अशी काही प्रतिक्रिया द्यायची, डोळे असे भरून यायचे, की मला भाऊजींचंही वाक्य खरं वाटू लागलं. हे असं कसं जमतं, मी विचारलं. ती म्हणाली की समोरच्यानं चांगलं म्हटलं तर बरंच, पण नाही म्हटलं म्हणून आपण का अडायचं. भाऊजी मान वर न करता म्हणाले, पुढचं वाक्य घ्या.

*

गौराक्का सुरू झाली आणि मालिकेचं वारंच बदललं. दोन-तीन प्रसंगांपुरती लिहिलेली ही बाई, पण मैथिलीच्या हातात बांगडी भरताना अक्का तो हात असा दाबून बघायची, बांगडीचं माप बदलायची, तोंडानं काहीतरी पुटपुटत राहायची, की प्रसंग तिच्याभोवती फिरायला लागायचा. शॉटच्या वेळी प्रकाश देणारी पोरं मोबाईल खिशात ठेवू लागली. आज अक्का काय करते, हे बघायला मेकअपवाला बाहेर यायचा.

गौराक्काचा पहिला भाग दिसायचा होता त्या संध्याकाळी कुपवाडला तिच्या घरी अर्धी गल्ली जमली. टीव्हीपुढं सतरंजी, चुलीवर सगळ्यांसाठी चहा. गौराक्का पडद्यावर आली, टोपली खाली ठेवली, तोंड उघडलं, आणि आतून दुसऱ्याच बाईचा आवाज आला. स्वच्छ, गोल, शहरातला. वाहिनीनं मुंबईत डबिंग करून घेतलं होतं. बोली कळणार नाही, असं कुणीतरी ठरवलं होतं, आणि आम्हाला कुणी सांगितलं नव्हतं.

गल्ली हसली. लोक वाईट नव्हते, पण हसायला आलं त्यांना.

दुसऱ्या दिवशी ती वेळेवर आली, काम केलं, जेवली. मग राजनसरांसमोर जाऊन उभी राहिली. ती बोलली ते सगळं मला जसंच्या तसं आठवतं, कारण मी शेजारी उभा होतो आणि कुठं बघावं ते मला कळत नव्हतं.

"सर, तोंड माझं दिसतंय, आन् आवाज दुसरीचं येतंय. गल्लीत इचारत्यात, कस्तुरी, तुझ्या अंगात कोण आलं म्हणून. तुमाला तिचा आवाज पायजे तर तोंडबी तिचंच घ्या की."

राजनसरांनी समजावून पाहिलं. निर्णय वरचा आहे, मोठ्या शहरातला प्रेक्षक आहे, काम तर चालू राहतंय ना. तिनं सगळं ऐकून घेतलं. लिहून झालेले आठवड्याचे प्रसंग मी पुरे करते, त्यानंतर मला बोलावू नका, इतकंच म्हणाली. तिच्या वयाच्या, ओळखपाळख नसलेल्या बाईला असं काम पुन्हा मिळणार नव्हतं, हे तिला माहीत होतं आणि आम्हालाही. मिलिंद त्या दिवशी जेवला नाही.

आणि त्याच आठवड्यात तो प्रसंग होता. गौराक्का बहीण मेली त्या ओट्यावर येते आणि नायिकेला विचारते, ती गेली कशी? कागदावर अर्धं पान. शॉट सुरू झाला. ती ओट्याकडं चालत गेली, पण वर चढली नाही. खालीच बसली, हात ओट्याच्या कडेवर ठेवला, जिथं बहिणीचं डोकं असेल तिथं. मग लिहिलेली वाक्यं म्हणाली, एकही न गाळता, पण इतक्या हळू की साउंडवाल्यानं डोळे मिटून कान लावले. मैथिलीनं सांगितलं, शेंगा फोडत होती मावशी. अक्का कन्नडमध्ये म्हणाली, "हेळव्वा." सांग गं बाई. मैथिलीला कन्नड येत नाही. पण तिनं पुन्हा पहिल्यापासून सांगितलं. अक्कानं पुन्हा तेच म्हटलं. मैथिलीनं तिसऱ्यांदा सांगितलं. ते काही लिहिलेलं नव्हतं. त्या दोघी तशाच एकमेकींना सांगत आणि विचारत राहिल्या आणि कॅमेरा चालू राहिला. मी बरीच वर्षं या धंद्यात आहे. तसं मी पुन्हा पाहिलं नाही.

पुढचं मला नंतर कळलं. तो प्रसंग डबिंगसाठी मुंबईला गेला. तिथं गौराक्काला आवाज देणारी बाई होती विभाताई. आयुष्यभर दुसऱ्यांच्या तोंडात बसलेली कलावंत. परदेशी सिनेमातल्या राण्या, जाहिरातीतल्या आया, मालिकांमधल्या आजारी नट्यांचे उसने आवाज, सगळं तिनं केलेलं. पडद्यावर तिचा चेहरा कधी आलेला नव्हता. तिनं हेडफोन लावून तो प्रसंग पाहिला, शेवटपर्यंत पाहिला, आणि हेडफोन काढून टेबलावर ठेवला. मी हे करणार नाही, म्हणाली. रेकॉर्डिंगवाल्याला वाटलं घसा बसलाय. ती म्हणाली, "घसा चांगला आहे. पण या बाईच्या तोंडातून तिचा आवाज काढून माझा घालणं मला जमणार नाही. दुसऱ्या कुणाला बोलवायचं तर बोलवा. त्याआधी हे एकदा असंच लावून ऐका."

दुसऱ्या कुणाला बोलवायला वेळच नव्हता. भाग त्याच संध्याकाळी जायचा होता. वाहिनीत निर्णय घेणाऱ्या बाईंना फोन गेला, त्या गाडीत होत्या, बोलणं तुटत होतं. त्या काहीतरी म्हणाल्या ते कुणीतरी होकार म्हणून ऐकलं. भाग अक्काच्या आवाजात गेला.

आम्हाला यातलं काही माहीत नव्हतं. आमचं चित्रीकरण चालू होतं, मध्ये चहाची सुट्टी झाली, आणि मेकअपवाल्यानं मोबाईलवर मालिका लावली होती. एकदम तो ओरडला. आम्ही सगळे धावलो. त्या एवढ्याशा पडद्यावर ओट्याखाली बसलेली अक्का बोलत होती आणि तो आवाज तिचाच होता, 'की' सकट, लांबवलेल्या शेवटासकट. कुणीतरी तिला बोलवायला पळालं. ती पदराला हात पुसत आली, वाकून पाहिलं, ऐकलं. "हौदा?" एवढंच म्हणाली. खरंच? मग बाजूच्या खाटेवर बसली आणि दोन्ही हातांनी तोंड झाकून घेतलं. मैथिली तिच्या गळ्यात पडली. राजनसर उगाचच सगळ्यांना कामाला लागा म्हणून ओरडत होते आणि स्वतः जागचे हलत नव्हते.

भाग संपायच्या आत फोन सुरू झाले. जतचे, अथणीचे, मिरजेचे तर होतेच. पण कोकणातून आले, विदर्भातून आले. बोली कळली नाही अशी तक्रार निदान आमच्यापर्यंत तरी आली नाही. ही बाई कोण, एवढंच सगळे विचारत होते. दुसऱ्या दिवशी वाहिनीच्या बाईंचा स्वतःचा फोन आला. यापुढं हाच आवाज ठेवा, आणि आठवड्यातून एकदा तरी गौराक्का दिसू द्या, म्हणाल्या.

त्या स्टुडिओनं मात्र विभाताईंना पुढं बरेच दिवस बोलावलं नाही. हे अक्काला कळलं तेव्हा तिनं माझ्याकडून नंबर घेतला आणि त्यांना कुपवाडला घरी बोलावलं. विभाताई खरंच आल्या. बारीक चणीच्या, मोठ्या चष्म्याच्या. अक्कानं कडक भाकरी आणि शेंगाचटणी पुढं ठेवली आणि समोर बसून त्यांना नुसतं बोलायला लावलं. मला म्हणाली, आवाज माझ्या ओळखीचा होता, आज चेहरा बघितला. मग तिनं राजनसरांच्या मागं जो लकडा लावला तो सोडलाच नाही. मालिकेत शाळेच्या मुख्याध्यापिका येणार होत्या, ते काम विभाताईंना द्या. पडद्यावर त्यांना कुणी ओळखत नाही, असं सर म्हणाले. मलाबी कुणी वळखत नव्हतं, मेलेली आणलीत मला, असं तिनं उत्तर दिलं. विभाताई पहिल्या शॉटला इतक्या घाबरल्या होत्या की छडी उलटी धरून आल्या. अक्का त्या दिवशी तिचं काम नसताना आली आणि कॅमेऱ्याशेजारी उभी राहिली. त्यांचं प्रत्येक वाक्य तिनं ओठांनी म्हटलं. चेहरा आणि आवाज दोन्ही स्वतःचे असलेल्या विभाताई मालिकेत शेवटपर्यंत राहिल्या.

*

एकदा आमचं युनिट काही दिवस खंडाळा तालुक्यातल्या एका गावी होतं. जेवणाच्या सुट्टीत एक मुलगी अक्काजवळ येऊन बसली. काजल नाव, बारावी झालेली, पोलीस भरतीची तयारी करणारी. पहाटे रस्त्यावर धावायची. वडील सैन्यातून सुभेदार होऊन निवृत्त झालेले. त्यांनी तिचं लग्न ठरवलं होतं आणि धावणं बंद केलं होतं. गौराक्का मालिकेत घराघरांतले निरोप पोचवते, अडलेल्या पोरींच्या बाजूनं बोलते. तर माझ्याही वडिलांशी बोला, असं काजलचं म्हणणं.

अक्कानं तिला सांगितलं की बाळा, मी खरी गौराक्का नव्हे.

"मला ठावं हाय," ती म्हणाली. "पर आमचं अण्णा टीव्हीत तुमचं समदं ऐकत्यात. घरात कुणाचंच न्हाई."

अक्कानं जेवण अर्धवट ठेवलं. नथ काढली, कपाळावरचं मोठं कुंकू पुसून आपलं नेहमीचं लावलं, गौराक्काच्या चपला काढून स्वतःच्या घातल्या. मला म्हणाली, तम्मा, चल, एकटीनं परक्या घरात जायला बरं दिसत न्हाई. मी गेलो.

सुभेदार ओसरीवर होते. ताठ, पांढऱ्या मिशांचे. गौराक्का घरी आल्या म्हणून त्यांना इतका आनंद झाला की त्यांनी बायकोला हाका मारल्या, खुर्ची पुसली, शेजारच्यांना बोलावू लागले. अक्कानं त्यांना थांबवलं. मी कस्तुरी हूगार, कुपवाडची, गौराक्काचं काम करते, असं सांगितलं, आणि आल्याचं कारण सरळ सांगून टाकलं. सुभेदारांचा चेहरा बदलला. ते रागावले नाहीत, पण आवाजात पलटणीतला माणूस आला.

"आवं, तुमी नटी. लिवलेलं बोलता. आमच्या घरातलं तुमाला काय ठावं?"

"मी नटी हाय हे खरं," अक्का म्हणाली. "पर तुमची पोरगी नटत न्हाई."

दाराआड काजल उभी होती. तिची आई चहाचा कप धरून मध्येच थांबली होती. मग अक्कानं त्यांना आपलं सांगितलं. वडिलांची पेटी, कंपनीचा तंबू, आणि लग्न ठरलं त्या दिवशी घुंगरं फडक्यात बांधून वर टांगली ते. आवाज चढवला नाही, डोळ्यांत पाणी आणलं नाही. मी तिला त्याआधी आणि नंतर कितीतरी प्रसंगांत पाहिलंय, पण इतकी साधी ती कॅमेऱ्यापुढं कधी नव्हती.

"मला तवा कुणी इचारलं न्हाई," ती शेवटी म्हणाली. "इचारलं असतं तर मी काय म्हटलं असतं, ते मला अजून पाठ हाय. तुमी तुमच्या पोरीला इचारा. एवढंच सांगाय आले."

चहा घेऊन आम्ही निघालो. सुभेदार दारापर्यंत आले, नमस्कार केला, पण शब्द दिला नाही. वाटेत मी विचारलं, जमेल का? ती म्हणाली, ते त्यांचं घर हाय, आपलं काम झालं. दुपारच्या शॉटमध्ये ती दोनदा वाक्य चुकली. एरवी ती चुकत नसे.

त्या गावातली आमची शेवटची सकाळ. सूर्य वर येतानाचा एक शॉट हवा होता म्हणून सगळे रस्त्याकडेला उभे. कॅमेरा लागला आणि रस्त्याच्या वळणावरून एक मुलगी धावत आली. वेणी घट्ट बांधलेली, काजलच. राजनसर ओरडले, फ्रेममध्ये कोण आलं ते. तिच्यामागून मोटारसायकल आली, आणि तिच्यावर सुभेदार, गळ्यात शिट्टी. "गुडघं वर," ते ओरडत होते. "वर घे गुडघं, श्वास सोड, श्वास." आम्ही वाटेत उभे आहोत हे त्यांनी पाहिलंसुद्धा नाही. काजलनं पाहिलं. धावता धावता तिनं अक्काकडं बघितलं आणि हात वर केला, आणि निघून गेली. अक्कानं टोपली माझ्या हातात दिली आणि रस्त्याच्या मधोमध जाऊन ती दोघं दिसेनाशी होईपर्यंत टाळ्या वाजवत राहिली. शॉट वाया गेला. राजनसरांनी तो काढून टाकला नाही, त्यांच्याकडं तो अजून आहे.

काजलची पहिल्या खेपेला निवड हुकली, दुसऱ्या खेपेला ती भरती झाली. आता तिची नेमणूक सांगलीला आहे. दसऱ्याला आपट्याची पानं द्यायला वर्दीतच कुपवाडला गेली होती, तेव्हा सगळी गल्ली दचकली.

*

मालिका संपली. सगळ्याच संपतात. अक्काला त्यानंतर कामं येत राहिली. सुईण, न्यायालयातली साक्षीदार, दवाखान्यातली आया, एका सिनेमात नदीकाठची वेडी. कुठंही नायिकेची आई झाली नाही. तिला त्याचं दुःख नव्हतं. आईला फार रडावं लागतं, बाकीच्या बायांना कामं असतात, असं ती म्हणायची. आयाच्या कामासाठी ती मिरजेच्या एका दवाखान्याबाहेर बाकड्यावर जाऊन बसली होती, आणि पेशंटच्या नातेवाइकांनी तिलाच वॉर्डाचा रस्ता विचारायला सुरुवात केली. तिनं तो बरोबर सांगितला.

यंदा उन्हाळ्याच्या तोंडावर तिचा फोन आला. आवाजावरूनच कळलं काहीतरी घडलंय. धारवाडकडं एका कन्नड मालिकेत तिला घेतलं होतं. चाळीसेक वर्षांनी ती आपल्या भाषेत काम करणार होती. पण तिकडच्या मुलानं फोनवर बोलणं ऐकून म्हटलं की अम्मा, तुमच्या कन्नडला मराठीचा वास येतोय. हे सांगताना ती इतकी हसत होती की मला शब्द कळेनात.

मग तुम्ही काय म्हणालात, मी विचारलं.

"म्हटलं, त्या बाईला मिरजेकडं दिल्ती असं लिवा की."

मिरज स्टेशनवर मी तिला सोडायला गेलो. महालिंगभाऊजी होते, हातात नव्या मालिकेचे कागद. गाडी यायला वेळ होता, म्हणून फलाटावरच्या बाकावर बसून त्यांनी तिच्याकडून एक प्रसंग म्हणून घेतला. तीच हजेरी, आता कन्नडमध्ये. येणारेजाणारे थांबून बघत होते. भांडणाचा प्रसंग असावा, कारण एक हमाल मध्ये पडायला आला.

गाडी आली. तिला खिडकीची जागा मिळाली. भाऊजींनी गोळ्या घ्यायची आठवण केली, पाण्याची बाटली दिली, कागद दिले. मग त्यांनी खिडकीचा गज धरून ठेवला. अक्कानं त्यांच्या हातावर हात ठेवला. गाडी हलली तेव्हा त्यांनी हात सोडला आणि तो वर करून हलवत राहिले. मीही हलवला.

तिनं आमच्याकडं पाहिलं नाही. समोरच्या सीटवर एक म्हातारी बसली होती. चष्म्याची मोडलेली काडी ती दोऱ्यानं बांधत होती, दोऱ्याचं एक टोक दातात धरून, मान तिरकी करून. अक्का दोन्ही हात मांडीवर ठेवून पुढं वाकली होती आणि ती म्हातारी गाठ कशी मारते ते बघत होती. डबा पुढं सरकला तसा तिचा चेहरा खिडकीतून गेला. तिचीही मान हळूहळू तिरकी होत होती, आणि दातांत जणू दोरा धरलेला होता.